पीचचा गारेगार पाय

परवा दुपारी शाळा सुटल्यावर घरी येता येता फळबाजारात डोकावले. आंबा आटोपत आलेला, जांभळं नुकती दिसू लागलेली, आणि एका गाडीवर कागदात गुंडाळलेली, पिवळ्या अंगावर लाली चढलेली, मऊ लव असलेली फळं. शेजारी उभ्या असलेल्या एक बाई त्यातलं एक उचलून म्हणाल्या, "हे काय हो, एवढं मोठं जर्दाळू?"

"आडू आहे ताई, शिमल्याचा."

आमच्या फळवाल्याच्या हिशेबी उत्तरेकडचा कुठलाही डोंगर म्हणजे शिमला. बाईंनी फळ परत ठेवून दिलं. "आंबट असतं बाई. आणि आणून त्याचं करायचं काय?"

त्या 'करायचं काय'चं उत्तर बाजारातल्या गर्दीत देता आलं नाही, म्हणून आज इथे देते आहे.

आडू म्हणजेच पीच. हिमाचल, उत्तराखंड, काश्मीर इकडून तो येतो. हिमाचलातला सिरमौर जिल्ह्यातला राजगडचा भाग तर पीचसाठीच ओळखला जातो. जून-जुलैत पुण्या-मुंबईच्या बाजारात तो भरपूर असतो आणि हल्ली आमच्या सांगलीतही चार-सहा आठवडे मिळतो. नुसता खायलाही छानच. पण चांगला पिकलेला किलोभर मिळाला, तर त्याचा पाय करावा.

'पाय' हा शब्द ऐकून आमच्या सासूबाई पहिल्यांदा दचकल्याच होत्या. "कुणाचा पाय?" म्हणाल्या. मैद्याच्या खुसखुशीत पसरट वाटीत फळ भरलेलं असतं, तो हा पाय. बहुतेक पाय भरून मग भाजतात. आजचा वेगळा आहे. यात भाजायची ती फक्त वाटी. पीचच्या फोडी ताज्याच, न शिजवलेल्या. त्यांना त्यांच्याच रसाच्या दाट पाकात धरून ठेवायचं आणि फ्रीजमध्ये गार करायचं. जेवणाच्या चार-पाच तास आधी हा तयार होऊन बसलेला असतो. ही गोष्ट लक्षात ठेवा, पुढे तिच्याबद्दलच बोलायचं आहे.

2016 ते 2018 अशी दोन वर्षं आम्ही अमेरिकेत साउथ कॅरोलायना राज्यात, ग्रीनव्हिल गावी होतो. ह्यांचं कंपनीचं काम होतं. माझा व्हिसा ह्यांच्या व्हिसाला बांधलेला, त्यामुळे मला नोकरी करायची मुभा नाही. इथली शाळा सोडून गेलेली मी तिथे सकाळी डबा भरून दिला की दिवसभर घरात. मुलगा लहान होता. शेजारी एक आजी एकट्याच राहत. मी त्यांना आजीच म्हणत असे आणि त्यांनीही तो शब्द 'आआजी' असा लांबवून का होईना, आपलासा केला होता.

तो भाग पीचचाच. पीच म्हटलं की लोक जॉर्जियाचं नाव घेतात, पण पीक जॉर्जियापेक्षा साउथ कॅरोलायनात जास्त येतं, आणि हे आजी येणाऱ्या-जाणाऱ्या प्रत्येकाला ऐकवत. त्याच राज्यात गॅफनी गावाजवळ हमरस्त्याच्या कडेला पाण्याची एक टाकी आहे, 1981 साली बांधलेली, 135 फूट उंच, दहा लाख गॅलन पाणी मावणारी. आणि ती आहे हुबेहूब पीचच्या आकाराची! रंग, खाच, पान सगळं. माझ्या मुलाला ती दिसली की कळायचं, आता घर तासाभराच्या आत.

जून 2017 मधल्या एका रविवारी आजींनी आम्हाला दुपारी जेवायला बोलावलं. आम्ही पोचलो तर त्या ओसरीवर खुर्चीत हात मांडीवर ठेवून निवांत बसलेल्या. माझ्या पोटात गोळाच आला. वाटलं, बाई विसरल्या! आपल्याकडे पाहुणे दारात आले की यजमानीण कपाळावरचा घाम पुसतच बाहेर येते ना. पण आत टेबलावर सगळं मांडून तयार. टोमॅटोची सँडविचेस, उकडलेली मक्याची कणसं, गार चहाचा बर्फ घातलेला मोठा चंबू. त्या आमच्याबरोबर बसल्या, आमच्याबरोबर जेवल्या, एकदाही उठल्या नाहीत. शेवटी फक्त फ्रीज उघडला आणि पाय काढून आणला.

त्या पायचं काय सांगू! बाहेर अंगाची लाही होत होती आणि जिभेवर हे गार, आंबटगोड, दाताखाली रसरशीत लागणारं फळ. हापूसची सर नाही म्हणा, ते मी तेव्हाही म्हटलं नाही आणि आताही म्हणणार नाही. पण दोन तुकडे खाल्ले.

त्या सांगत होत्या, की त्यांच्या लहानपणी घरात विजेचा फ्रीज नव्हता. जाड भिंतीचं लाकडी कपाट असे, बर्फवाला घरी लादी आणून टाकी, आणि त्या कपाटात अशा गोष्टी गार व्हायला ठेवत. असल्या पायला तिकडे अजूनही 'आइसबॉक्स पाय' म्हणतात ते त्यावरूनच. त्यांची आई शेतावरच्या सगळ्या माणसांना वाढून झालं की चुलीपाशी उभ्या उभ्या जेवायची. "आणि पाय असेल त्या दिवशी?" मी विचारलं. "त्या दिवशी बसायची," त्या म्हणाल्या.

झालं. मी पुढच्याच महिन्यात हा पाय करायचा घाट घातला. ह्यांच्या ऑफिसातले पाचजण घरी यायचे होते. त्या वर्षी पीचचं पीक बुडालेलं होतं. पीचच्या झाडाला हिवाळ्यात ठरावीक काळ थंडी मिळावी लागते, तरच त्याच्या कळ्या नीट फुटतात. (म्हणूनच तर तो आपल्या सांगलीच्या मळ्यात येत नाही.) 2017 चा हिवाळा तिकडे उबदार गेला, तरी झाडं लवकर फुलली, आणि मार्चमध्ये एकदम कडाक्याची थंडी पडून फुलं करपली. साउथ कॅरोलायना आणि जॉर्जिया दोन्हीकडचं बहुतेक पीक त्या वर्षी हातचं गेलं. रस्त्याकडेची फळांची दुकानं ओस. आजींनी ओळखीच्या बागेतून मिळवलेले नऊ पीच मला आणून दिले, मोजून.

आणि मी त्यांचं सार केलं! दुपारी तीनला पाय करायला घेतला. एकीकडे छोले, दुसरीकडे पुऱ्यांची कणीक. पाक जरा दाटसर दिसला तोच उतरवला, कढत कढतच फोडींवर ओतला आणि फ्रीजमध्ये ढकलला. सात वाजता सुरी घातली, तर वाटीतून पिवळं पाणी टेबलभर. पाहुण्यांनी वाट्यांतून चमच्याने खाल्लं आणि छान म्हटलं. पाहुणे म्हणतातच. मी ते पाहिलंही नाही धड, कारण मी पुऱ्या तळत होते. आजींनाही बोलावलं होतं. त्या आपली बशी घेऊन स्वयंपाकघरात आल्या, माझ्या शेजारी ओट्याला टेकून उभ्या राहिल्या आणि तशाच जेवल्या. पायबद्दल अवाक्षर नाही. निघताना एवढंच म्हणाल्या, "शनिवारी सकाळी ये. सकाळी बरं का, दुपारी नाही."

त्या शनिवारी जे शिकले आणि नंतर इथल्या उन्हाळ्यात, इथल्या मैद्या-लोण्यावर पडत-झडत जे बसवलं, ते आता सांगते.

आधी फळ. पीच घेताना लाल रंगाला भुलू नका. लाली उन्हाची असते, पिकल्याची नाही. देठाजवळचा खालचा रंग पाहा. तो हिरवट असेल तर फळ कोवळं उतरवलेलं आहे, पिवळा हवा. मग वास घ्या. वास नसेल तर चवही नाही. देठाजवळ अंगठ्याने अगदी हलकेच दाबलं तर किंचित दबायला हवं. कडक मिळाले तर घरी कागदात गुंडाळून दोन-तीन दिवस बाहेरच ठेवा, मधे एखादं केळं ठेवलंत तर लवकर पिकतील. कडक पीच फ्रीजमध्ये मात्र मुळीच ठेवू नये. तो पिकत तर नाहीच, वर आतून पिठूळ होतो आणि मग काही केल्या सुधारत नाही. "आडू बेचव असतो" असं म्हणणाऱ्या निम्म्या जणींनी हाच पिठूळ पीच खाल्लेला असतो असा माझा अंदाज आहे. पिकल्यावर मग एखादा दिवस फ्रीजमध्ये चालेल.

एक किलो घ्या, साधारण आठ-नऊ फळं. यातली तीन पाकासाठी आणि बाकीची फोडींसाठी. अगदी मऊ झालेली, जराशी दबलेली असतील ती पाकाला काढा. देखणी ठेवा फोडींना.

आता वाटी. नऊ इंची पाय-डिश नसेल तर दोन बोटं उंचीची पसरट स्टीलची थाळी चालते, मी तीच वापरते. मैदा 160 ग्रॅम, लोणी 110 ग्रॅम (विकतचं खारं लोणी असेल तर वेगळं मीठ नको), साखर एक लहान चमचा, बर्फाचं पाणी तीन ते चार मोठे चमचे. शंकरपाळ्याला आपण मोहन कडकडीत गरम करून घालतो. इथे सगळं उलट. लोणी फ्रीजमधून काढलेलं, दगडासारखं हवं. त्याचे बारीक तुकडे करून मैद्यात बोटांच्या टोकांनी चोळावे, तळहात लावू नये, तळहात गरम असतो. वाटाण्याएवढे तुकडे मधूनमधून राहिले पाहिजेत. भट्टीत त्या तुकड्यांतल्या पाण्याची वाफ होते आणि ती पापुद्रे सोडवते. लोणी आधीच वितळून मैद्यात मुरलं, तर पापुद्रे कुठले सुटणार? मग बर्फाचं पाणी चमच्या-चमच्याने घालून गोळा होईल एवढंच जमवावे. मळू नये! आपल्या हाताला मळायची सवय, ती इथे नडते. मळलं की मैद्याला चिवटपणा येतो आणि वाटी भाजताना आक्रसून खाली बसते. जूनच्या उकाड्यात मी परातसुद्धा आधी फ्रीजमध्ये गार करते. ह्यांनी एकदा फ्रीज उघडून "आता भांडीही खराब व्हायला लागली का?" असं विचारलं होतं.

गोळा झाकून अर्धा-पाऊण तास फ्रीजमध्ये ठेवावा. नंतर पोळीपेक्षा जाड, साधारण भाकरीएवढा लाटून थाळीत बसवावा, कडेला थोडा वर ठेवावा, तळाला काट्याने टोचे मारावेत आणि पुन्हा पंधरा मिनिटं गार करावा. मग वर कागद ठेवून त्यात वाटीभर राजमा पसरावा, म्हणजे तळ फुगत नाही. (तो राजमा नंतर शिजत नाही. बरणीत 'पायचा राजमा' म्हणून चिठ्ठी लावून ठेवा, नाहीतर माझ्यासारखी कुकरच्या पंधरा शिट्ट्या करून वाट पाहाल.) ओव्हन 200 अंशांवर आधी तापवून वीस मिनिटं भाजावं, मग कागद-राजमा काढून आणखी दहा-पंधरा मिनिटं, तळाला चांगला खरपूस बदामी रंग येईपर्यंत. पुढे ही वाटी पुन्हा भट्टीत जाणार नाही, तेव्हा इथे कच्ची राहिली तर कायमची कच्ची. भाजून झाल्यावर पूर्ण गार होऊ द्यावी.

ओव्हन नसेल तर हिरमुसू नका. 200 ग्रॅम मारी बिस्किटांचा चुरा, दोन मोठे चमचे पिठीसाखर आणि 100 ग्रॅम वितळवलेलं लोणी एकत्र करून थाळीत वाटीने घट्ट दाबून बसवा आणि तासभर फ्रीजमध्ये ठेवा. पापुद्रे नाहीत, पण खायला छान. निम्म्या वेळा मी हेच करते.

पीच सोलायचे ते टोमॅटोसारखे. उकळत्या पाण्यात अर्धा मिनिट, लगेच बर्फाच्या पाण्यात. साल आपोआप सुटून येते. सुटली नाही तर फळ अजून पिकायचं आहे असं समजा आणि सुरीने सोला. बाठ सुटी होत नसेल तर ओढाताण करून फळ चेंगरू नये, बाठेपर्यंत सुरी घालून फोडी उतरवाव्यात. फोडी बोटाएवढ्या जाड कराव्यात आणि लगेच अर्ध्या लिंबाचा रस लावावा, नाहीतर काळवंडतात.

आता पाक, जिथे माझे नऊ पीच वाया गेले. काढून ठेवलेली तीन फळं कुस्करून कपभर गर घ्यावा. पातेल्यात पाऊण कप साखर आणि तीन मोठे चमचे कॉर्नफ्लॉवर (पांढरं, मक्याचं पिवळं पीठ नव्हे) आधी कोरडंच मिसळावे, म्हणजे गुठळ्या होत नाहीत. मग गर आणि अर्धा कप पाणी घालून मध्यम आचेवर सतत ढवळावे. सुरुवातीला हे मिश्रण दुधाळ दिसतं, मग दाट होऊ लागतं, आणि इथेच आपण फसतो. दाट झालं म्हणजे झालं असं नाही. पिठल्यासारखे फदफद बुडबुडे यायला लागले, की तिथून पुरतं एक मिनिट आणखी शिजवायचं. दुधाळपणा जाऊन पाक काचेसारखा चकचकीत झाला पाहिजे. कॉर्नफ्लॉवर पुरतं शिजलं नाही तर गार झाल्यावर पाणी सोडतं. खाली उतरवल्यावर एक मोठा चमचा लिंबाचा रस, चमचाभर लोणी, चिमूटभर मीठ. लिंबू शेवटीच घालावं, आंबटाबरोबर फार वेळ शिजवलं तर पाक पुन्हा पातळ होतो. चव घेऊन पाहा. कोमट असताना किंचित जास्त गोड लागला पाहिजे, कारण गार झाल्यावर गोडी कमी जाणवते. आपल्याकडचा पीच आंबट निघाला तर साखर दोन चमचे वाढवा, संकोच करू नका.

पाक कोमट होऊ द्या. कढत ओतला तर फोडी शिजतात, त्यांचं पाणी सुटतं, आणि मग टेबल पुसायला फडकं आणा! कोमट पाकात फोडी हलक्या हाताने मिसळून गार वाटीत भराव्यात आणि चार तास फ्रीजमध्ये ठेवाव्यात. फ्रीजमध्येच, फ्रीझरमध्ये नाही. गोठवला की पाक पाणी सोडतो. दोन तासांनी "बघू तरी" म्हणून सुरी लावायची नाही. जिलेटीनची यात गरज नाही, त्यामुळे सोवळ्याओवळ्याच्या घरातही चालतो. वरून फेटलेलं क्रीम घालायची तिकडची पद्धत. मी चक्का साखर घालून फेटते आणि बाजूला वाढते.

याच पाकात हिवाळ्यात महाबळेश्वरची स्ट्रॉबेरी घालून पाहा. कृती तीच, फक्त सोलायचा खटाटोप नाही.

जाता जाता एक गंमत. पीचची 'एल्बर्टा' म्हणून एक नामांकित जात आहे. जॉर्जियात मार्शलव्हिलच्या सॅम्युअल रंफ नावाच्या बागायतदाराने ती 1870 नंतरच्या दशकात तयार केली आणि तिला आपल्या बायकोचं नाव दिलं. आपल्या हिमाचलात 'जुलै एल्बर्टा' नावाचा पीच लावतात, म्हणजे त्या बाईंचं नाव पार इथवर पोचलं. मी हे ह्यांना सांगितलं. ह्यांनी माझं नाव आजवर फक्त गॅसच्या पुस्तकावर घातलं आहे.

आता राहिलं ते, ज्यासाठी मी हा पाय पुन्हा पुन्हा करते. आपल्या पंक्तीला गरम पोळी पानात पडलीच पाहिजे. ती पाडणारी बाई ओट्यापाशी असते. ती जेवते तेव्हा भाजी तळाला गेलेली, कोशिंबीर संपलेली आणि बाकीचे हात धुऊन पान खात असतात. आमच्या सासूबाई जवळजवळ पन्नास वर्षं अशाच जेवल्या. गेल्या वर्षी जूनमध्ये त्यांची पंचाहत्तरी झाली. मी मनाशी ठरवलं, की त्या दिवशी त्यांना पहिल्या पंगतीला बसवायचं आणि आपणही बसायचं.

त्यामुळे सगळा बेतच असा केला, की अकराला ओटा पुसून कोरडा. मसालेभात दमाला लावून झाकलेला, अळूवड्या आदल्या दिवशी उकडून सकाळी तळलेल्या, दोन कोशिंबिरी, मठ्ठा, आणि फ्रीजमध्ये दोन पाय. वन्सं आणि जावईबापू, मुलं, मिळून चौदा माणसं. बारा वाजता सगळे एकदम बसलो. सासूबाई मधल्या पाटावर. दोनदा उठायला गेल्या, दोनदा मी हाताला धरून बसवलं. "आई, काही आणायचं नाही. सगळं पुढ्यात आहे." मला वाटत होतं, केवढं मोठं काम केलं मी!

पाय सगळ्यांना आवडला. पाक नीट धरला होता, तुकडे सुबक पडले. सासूबाईंनी टोकाचा एक घास खाल्ला. "आंबट आहे," म्हणाल्या आणि बशी बाजूला सारली.

दुपारी सगळे लवंडल्यावर त्या स्वयंपाकघरात एकट्याच उभ्या दिसल्या. तव्यावर हात ठेवून. मला म्हणाल्या, "माझ्या पंचाहत्तरीला घरात तवासुद्धा तापला नाही गं."

मैत्रिणींनो, मला काही बोलता आलं नाही. मी त्यांना बसवत होते ते खरं, पण त्यांना विचारलं होतं कुठे? लेकीच्या पानात स्वतःच्या हातची गरम पोळी टाकणं, जावयाला 'आणखी एक' म्हणणं, हाच त्यांच्या लेखी त्यांचा मान होता, आणि तो मी त्यांच्या वाढदिवशीच काढून घेतला होता. तरीही त्यांनी थंड, उरलेलं, उभ्याने खावं हे मला तेव्हाही पटत नव्हतं आणि आताही पटत नाही. दोन्ही गोष्टी खऱ्या.

संध्याकाळी मी कणीक भिजवली. म्हटलं, "आई, तुम्ही लाटा, मी भाजते." वन्सं तूप लावायला बसल्या. ह्यांना पानं मांडायला लावलं, आणि पहिल्या दोन पोळ्या भाजून झाल्या तशा गॅस बारीक करून मी सासूबाईंचं पान ओट्याशेजारीच, स्टुलावर मांडलं. त्या एक पोळी खायच्या, एक लाटायच्या. अशा जेवल्या. आता सणावाराला आमच्याकडे हेच चालतं. पोळ्या गरमच, पण तव्यापाशी पाळी लावलेली. दहा पोळ्या झाल्या की उलथनं दुसऱ्याच्या हातात. ह्यांच्या पोळ्या अजून नकाशासारख्या होतात. गोड मात्र आधी करून ठेवलेलं, गार. शेवटी गोडासाठी कुणी उठायचं नाही, एवढं मी सोडलेलं नाही.

हो, आणि उरलेल्या पायबद्दल सांगायचं राहिलं. दुसऱ्या दिवसापर्यंत तो चांगला राहतो, त्यानंतर वाटी मऊ पडते. पंचाहत्तरीच्या रात्री दोन तुकडे उरले होते, ते मी झाकून ठेवले होते. सकाळी साडेसहाला चहाला उठले, तर सासूबाई टेबलाशी खुर्चीत पाय वर घेऊन वर्तमानपत्र वाचत होत्या. फ्रीजमध्ये थाळी नव्हती. ती घासून, पुसून ओट्यावर पालथी घातलेली होती.